एस्टिमेट मागाहून, आधी तार कायद्याचे कलम १७ : बेळगावच्या जिल्हाधिकाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
मा. जिल्हाधिकारी तथा जिल्हा दंडाधिकारी, बेळगाव

प्रत माहितीसाठी : बेळगाव, बैलहोंगल व चिक्कोडीचे प्रांताधिकारी, वीज वितरण व पारेषण कंपन्यांचे अधीक्षक अभियंते, विद्युत निरीक्षक

विषय : खासगी जमिनीवरून गेलेल्या वीजवाहिन्या हलवण्याचे अर्ज

महोदय,

शेताच्या मधून गेलेली लाइन बांधाला लावून द्या, असा अर्ज घेऊन शेतकरी सबडिव्हिजन कार्यालयात गेला की उत्तर ठरलेले असते : एस्टिमेट काढतो, पैसे भरा, मग बघू. आकडा ऐकून बरेच अर्ज तिथेच मरतात. ज्यांना चीड येते ते दिवाणी कोर्टात मनाईचा दावा लावतात आणि तारखा मोजत बसतात. या दोन्हींच्या आधी एक पायरी आहे. ती कायद्याने जिल्हा दंडाधिकारी म्हणून आपल्या टेबलावर ठेवली आहे. ती सोडून बाकी सगळीकडे धावाधाव चालू आहे, एवढ्यासाठीच हे पत्र.

गोंधळाचे मूळ असे, की लाइन हलवण्याची तीन वेगळी प्रकरणे एकाच छापील फॉर्मवर चालवली जातात. तिन्हींचा कायदा वेगळा, खर्चाची जबाबदारी वेगळी, निकाल देणारा अधिकारीही कधी कधी वेगळा.

आधी टॉवरच्या लाइनी घेऊ. आपल्या भागात जुन्या ११० केव्ही (किलोव्होल्ट) लाइनी आहेत, २२० केव्ही आहेत, आणि कोल्हापूर ते धारवाडजवळचे नरेंद्र अशी ७६५ केव्हीच्या बांधणीची लाइनही याच जिल्ह्यातून गेली आहे. २००३ च्या वीज कायद्याच्या कलम १६४ खाली सरकार आदेश काढून कंपनीला १८८५ च्या तार कायद्यातले (मुळात तारयंत्राच्या लाइनी टाकण्याचे) अधिकार देऊ शकते. असा आदेश असेल तर कंपनीला जमीनमालकाची पूर्वसंमती लागत नाही. पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये हे स्पष्ट केले आहे आणि त्यावर आता वाद घालण्यात अर्थ नाही. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने तार कायदा रद्द करण्याची तरतूद केली, पण कलम १६४ च्या वीजवाहिन्यांपुरता त्याचा तिसरा भाग चालू ठेवला. तेव्हा “तो कायदा आता गेला” असे कोणी कार्यालयात सांगत असेल, तर ते खरे नाही.

पण याच तिसऱ्या भागात शेतकऱ्याच्या बाजूचीही कलमे आहेत. कलम १० सांगते की कंपनीला फक्त वापराचा हक्क मिळतो, जमिनीची मालकी जिथल्या तिथे राहते, नुकसान कमीत कमी करायचे आणि झालेल्याची पूर्ण भरपाई द्यायची. कलम १७ तर थेट लाइन हलवण्याविषयीच आहे. जमिनीचा वापर मालकाला अशा रीतीने करायचा असेल की त्यासाठी लाइन जमिनीच्या दुसऱ्या भागात नेणे, उंच-सखल करणे किंवा तिचे स्वरूप बदलणे गरजेचे वा सोयीचे ठरेल, तर तो कंपनीकडे तशी मागणी करू शकतो. कंपनीने ती मानली नाही तर अर्ज जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे. आपण तो फेटाळू शकता, बिनशर्त मान्य करू शकता, अटी घालून मान्य करू शकता. तो आदेश अंतिम.

आता खर्च. त्या कलमाचे परंतुक वाचा, कारण आमच्या समजुतीप्रमाणे ते कुठल्याच एस्टिमेटवर दिसत नाही. लाइन टाकताना भरपाई दिली गेली असेल, तर मागणी करताना मालकाने दोनपैकी लहान रक्कम पुढे करायची : हलवण्याचा खर्च, किंवा मिळालेल्या भरपाईच्या निम्मी रक्कम. समजा भरपाई ४०,००० मिळाली होती आणि हलवायला ६ लाख लागणार आहेत. मालकाने पुढे करायची रक्कम २०,००० रुपये. आणि भरपाई मुळात दिलीच नसेल तर ही अट लागूच होत नाही. जुन्या लाइनींखालच्या कितीतरी जमिनींना एक पैसा मिळाल्याची नोंद सापडत नाही. त्यांच्याकडून संपूर्ण एस्टिमेटचे पैसे आगाऊ मागणे कशाच्या आधारे, हे कंपनीने आपल्यासमोर सांगायला हवे.

प्रत्येक टॉवर उचलून बाजूला ठेवा, असे आमचे म्हणणे नाही. ११० केव्हीचा एक टॉवर सरकवला तर मागचे-पुढचे दोन टॉवर कोनात येतात, आणि सरळ ताणासाठी उभा केलेला टॉवर कोनाचा ओढा सोसत नाही. तिथे तीन टॉवर बदलावे लागतात. पण टॉवर न हलवता उंची वाढवणे हाही त्याच कलमात बसणारा उपाय आहे, आणि शेतघरासाठी किंवा पाणंदीसाठी पुष्कळदा तेवढ्याने भागते.

अर्जदारांच्या बाजूनेही एक चूक सर्रास होते. अर्जात लिहिलेले असते, “लाइन धोकादायक आहे, हलवून मिळावी.” कलम १७ ला हे पुरत नाही. जमिनीत काय करायचे आहे ते लिहावे लागते : विहीर, शेततळे, गोठा, मुलाचे घर, यंत्राने ऊसतोड. सोबत हातनकाशा, त्यावर आत्ताची लाइन एका रंगात, मागितलेली दुसऱ्या रंगात, खांबांमधली अंतरे मीटरमध्ये. कंपनीला आधी मागणी केल्याची पोच. आणि चालू उतारा. वारस नोंदी न झालेल्या उताऱ्यावर चार भावांपैकी एकानेच अर्ज केला, की पाचव्या तारखेला दुसरा भाऊ हरकत घेऊन उभा राहतो. बाकीच्या भावांची संमती आधीच जोडलेली बरी.

आता दुसरे प्रकरण, आणि संख्येने सर्वांत मोठे : ११ केव्ही आणि त्याखालच्या लाइनी. या वितरण कंपनीच्या, म्हणजे आपल्याकडे हेस्कॉमच्या. पंपांच्या लाइनी, टी.सी.ला (ट्रान्सफॉर्मरला) जाणाऱ्या लाइनी, आणि निरंतर ज्योती योजनेत गावाचा फीडर पंपांपासून वेगळा करताना जुन्या लाइनीशेजारून ओढलेल्या दुसऱ्या लाइनी. या टाकताना बहुधा तार कायद्याचे अधिकार वापरलेले नसतात. १९१० च्या जुन्या वीज कायद्याचे कलम १२ सांगत होते की मालकाच्या संमतीशिवाय खांब रोवायचा नाही, आणि संमती नसेल तर जिल्हा दंडाधिकाऱ्यांची लेखी परवानगी घ्यायची. २००३ च्या कायद्याने कलम १८५ मध्ये, नवे नियम होईपर्यंत, ते कलम जिवंत ठेवले. केंद्राने २००६ मध्ये केलेल्या परवानाधारकांच्या कामांच्या नियमांतही तीच चौकट आहे. तिथे दंडाधिकाऱ्यांनी भरपाई किंवा वार्षिक भाडे किंवा दोन्ही ठरवायचे आहे, आणि त्या आदेशावर वीज नियामक आयोगाकडे जाता येते.

जुने कलम १२ आणि २००६ चे नियम या दोन्हींत एक ओळ आहे जिच्याकडे आम्ही आपले लक्ष वेधू इच्छितो : मालकाने पुरेसे कारण दाखवले, तर खांब, ताण (खांबाला आवळून धरणारी, जमिनीत रोवलेली तार) किंवा टेकू काढण्याचा वा बदलण्याचा लेखी आदेश जिल्हा दंडाधिकारी कधीही देऊ शकतात. म्हणजे लाइन टॉवरची असो की सिमेंटच्या खांबाची, वाट शेवटी आपल्याच टेबलापाशी येते. “हा कंपनीचा तांत्रिक विषय आहे, त्यांच्याकडे जा” हा शेरा दोन्ही प्रकारांत कायद्याला धरून होत नाही.

वितरणाच्या लाइनीत खरी मेख असते संमतीची. शेतकऱ्याने स्वतःच्या पंपाचे कनेक्शन घेताना एका कागदावर सही केलेली असते. त्या सहीवर त्याच्या विहिरीपर्यंत तीन खांब आले. पुढे त्याच शेवटच्या खांबावरून पलीकडच्या दहा पंपांना लाइन गेली, तिथे टी.सी. बसला, त्याला डी.पी. (दोन खांबांचा सांगाडा) आली, तिला चार ताण लागले. या सगळ्याला तीच जुनी सही दाखवली जाते. पहिल्या तीन खांबांची संमती पुढच्या डी.पी.ची होत नाही. सुनावणीत सहीचा मूळ कागद आणि त्या वेळचा मंजूर नकाशा मागवला तर बरेच वाद अर्ध्या तासात उलगडतील.

तिसऱ्या प्रकरणात मात्र खर्च खरोखर मागणाऱ्याचा असतो. लाइन आधीपासून आहे आणि तिच्याखाली किंवा शेजारी कोणी नवीन घर, मजला, शेड किंवा लेआउट करतो आहे. बेळगावच्या वाढत्या उपनगरांत आणि एन.ए. झालेल्या शिवारांत हेच चालू आहे. १९५६ च्या वीज नियमांत आणि पुढे केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०१० च्या सुरक्षा नियमांत (आता त्यांच्या जागी २०२३ चे आहेत) सांगितलेली पद्धत अशी : बांधकाम करणाऱ्याने लाइनच्या मालकाला आणि विद्युत निरीक्षकाला आधी लेखी कळवायचे. तारेपासूनचे सुरक्षित अंतर मोडत असेल तर कंपनीने विनाविलंब एस्टिमेट पाठवायचे, रक्कम ३० दिवसांत भरायची, भरल्यापासून एका महिन्यात किंवा निरीक्षक देतील त्या वाढीव मुदतीत कंपनीने लाइन बदलायची. एस्टिमेटवर वाद झाला तर निर्णय विद्युत निरीक्षकाचा.

अंतरे सर्वांनी पाठ करावीत इतकी साधी आहेत. ११ केव्हीसाठी इमारतीपासून वर ३.७ मीटर, बाजूला १.२ मीटर. ३३ केव्हीला वर तेवढेच, बाजूला २ मीटर. त्यापुढे दर ३३ केव्हीला किंवा त्याच्या भागाला ०.३ मीटर वाढ. म्हणजे ११० केव्हीला वर ४.६ आणि बाजूला २.९ मीटर. आणि हे अंतर तारेचा झोळ सर्वांत जास्त असतो तेव्हाचे धरायचे. डिसेंबरच्या सकाळी मोजलेली तार एप्रिलच्या दुपारी, लोड चढलेला असताना, खाली आलेली असते. मोजमाप पंचनाम्यात तारीख, वेळ आणि लाइनवरचा लोड लिहिलेला नसेल तर तो पंचनामा निरुपयोगी समजावा. मोजण्यासाठी बांबूला टेप बांधून तारेपाशी नेण्याची पद्धत काही गावांत आहे. ओल्या बांबूतून करंट उतरतो. हे काम यंत्राने जमिनीवरूनच करायचे.

एस्टिमेट कसे काढायचे हेही २०१० च्या नियमांत लिहिलेले होते : दोघांत वेगळा करार नसेल तर साहित्याची किंमत, त्यातून जुन्या लाइनीच्या निघणाऱ्या साहित्याची घसारा धरून उरलेली किंमत वजा, अधिक मजुरी, अधिक देखरेख खर्च, तो मजुरीच्या १५ टक्के. मजुरीच्या, एकूण रकमेच्या नव्हे. समजण्यापुरते आकडे घ्या : साहित्य १,५०,०००, मजुरी ३०,०००. देखरेख खर्च ४,५०० होतो. तोच एकूण १,८०,००० वर लावला तर २७,००० होतो. हिशेबाची पाटी उलटी धरली की एवढा फरक पडतो. “दोघांत वेगळा करार नसेल तर” हे शब्दही महत्त्वाचे आहेत, कारण पैसे भरताना ज्या हमीपत्रावर सही घेतली जाते त्यात एस्टिमेट मान्य असल्याचे वाक्य असते, आणि पुढे तोच करार म्हणून दाखवला जातो. घाई असेल तर भरावेत, पण चलनासोबत “हरकत राखून भरणा” असे पत्र देऊन पोच घ्यावी.

एस्टिमेट तपासायचे कसे, ते एका उदाहरणावरून. शेत १०८ मीटर बाय १४४ मीटर, म्हणजे पावणेचार एकरांच्या किंचित वर. ११ केव्ही लाइन कोपऱ्यातून कोपऱ्यात तिरकी गेली आहे : लांबी १८० मीटर, ६०-६० मीटरचे तीन गाळे (दोन खांबांमधली अंतरे), शेतात मधोमध दोन खांब. ती दोन बांधांवरून वळवायची तर लांबी २५२ मीटर होते. कोपऱ्यात एक, आखूड बांधावर एक, लांब बांधावर दोन, असे चार नवीन ९ मीटरचे सिमेंटचे खांब. तीन तारांचे ७५६ मीटर, झोळ आणि जंपरसाठी (जोडतारांसाठी) तीनेक टक्के धरून ७८० मीटर. कोपऱ्यात आणि दोन्ही टोकांना दिशा बदलते, तिथे प्रत्येकी सहा असे १८ ताणलेली तार धरणारे डिस्क इन्सुलेटर सेट. मधल्या तीन खांबांवर ९ पिन इन्सुलेटर. ताण साधारण चार. वजाबाजूला दोन जुने खांब, ५४० मीटर तार, सहा पिन इन्सुलेटर. एस्टिमेटमध्ये याच्या दीडपट खांब किंवा हजारभर मीटर तार दिसली तर कारण विचारायला हवे. आणि वजाबाजू कोरी असेल तर जुनी तार कुठल्या स्टोअरला जमा झाली, तेही.

कोपऱ्यातला ताण हे पुढच्या भांडणाचे बी. लाइन काटकोनात वळली की दोन्हीकडचा ओढा शेताच्या आतल्या बाजूला येतो, म्हणून ताण बाहेरच्या बाजूला द्यावा लागतो. तो खांबापासून चार ते सहा मीटरवर जमिनीत जातो. बांधाच्या कोपऱ्यावर चार-सहा मीटर म्हणजे शेजाऱ्याचे रान. एकाची तक्रार मिटवताना दुसऱ्याच्या शेतात बिनपरवाना ताण रोवला जातो आणि नांगर त्यात अडकला की नवा अर्ज तयार होतो. उपाय कठीण नाही : ताणाऐवजी आतल्या बाजूने टेकूचा खांब द्यावा. तो अर्जदाराच्याच जमिनीत येतो, शेजाऱ्याला तोशीस नाही. नकाशावर ताण किंवा टेकू दाखवलेला नसेल तर मंजुरीच देऊ नये, अशी आमची सूचना आहे.

स्वस्तातला तोडगा म्हणून “मधला एक खांब काढून टाकतो” असे सांगितले जाते. तो शेतकऱ्यांनाही आवडतो. पण तार तेवढीच ताणलेली ठेवली तर झोळ गाळ्याच्या वर्गाने वाढतो. ६० मीटरचे दोन गाळे मोडून १२० मीटरचा एक केला की झोळ चौपट. मग वाऱ्यात तारा एकमेकींवर आपटतात, ठिणग्या वाळल्या पाचटावर पडतात आणि तोडणीला आलेला फड पेटतो. उसाला आग लागली की पहिला प्रश्न गाळा किती मीटरचा होता हाच असायला हवा, आणि पंचनाम्यात नेमका तोच रकाना रिकामा असतो.

अथणी, रायबाग, चिक्कोडीकडच्या काळ्या जमिनीत आणखी एक गोष्ट. ती माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. दीड मीटर खड्ड्यात नुसती माती ढकलून उभा केलेला खांब दोन पावसाळ्यांत कलतो. तो कलला की तार सैल, आणि अंतर गेले. बुडाशी काँक्रीट धरलेले आहे की नाही ते एस्टिमेटमध्ये पाहावे, आणि धरलेले असेल तर खड्डा भरताना तिथे उभे राहून पाहावे. खानापूरच्या मुरमाड, जांभ्या जमिनीत हा त्रास कमी.

उघड्या शेतात ११ केव्हीच्या उघड्या तारेला जमिनीपासून ४.६ मीटर, रस्ता ओलांडताना ६.१ मीटर, असे अंतर ठरले होते. पाणंद ही रस्ता धरायची की शेत, यावर हमखास वाद होतो. वरपर्यंत ऊस रचलेली ट्रॉली चार मीटरच्या घरात जाते. हंगामात रोज ट्रॉल्या जाणाऱ्या पाणंदीला ६.१ मीटरच धरावे, नकाशात ती रस्ता म्हणून असो वा नसो.

भूमिगत केबलचा आग्रहही होतो. गावठाणात किंवा घरांच्या दाटीत तो रास्त आहे. शेतात मात्र केबल कित्येक पट महाग पडते, बिघाड शोधायला वेळ लागतो, आणि तिची नोंद उताऱ्यावर झाली नाही तर दहा वर्षांनी जमीन घेणारा तिथेच बोअर मारतो. केबल मंजूर करायची असेल तर मार्गखुणांचे दगड आणि उताऱ्यावरची नोंद या अटी आदेशातच घाला.

मनाईच्या दाव्यांविषयी शेतकरी बांधवांनाही इथेच सांगतो. २०१८ मध्ये विशिष्ट अनुतोष कायद्यात दुरुस्ती होऊन कलम २०अ आणि कलम ४१ चे पोटकलम आले. पायाभूत प्रकल्पाला उशीर होईल अशी मनाई कोर्टाने द्यायची नाही, आणि त्या यादीत वीज पारेषण व वितरण आहे. त्यामुळे नव्या लाइनीविरुद्ध स्थगितीवर भरवसा ठेवून बसण्यात वेळ जातो. वेळ जातो हेच धोक्याचे, कारण भरपाई अपुरी असल्याचा अर्ज तार कायद्याच्या कलम १६(३) खाली जिल्हा न्यायाधीशांकडे करायचा असतो आणि त्याला तीन वर्षांची मुदत आहे; केरळ वीज मंडळ विरुद्ध कुन्हालियुम्मा या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती ठरवून दिली. “आपला अर्ज विचाराधीन आहे” अशी पत्रे हातात घेऊन लोक बसतात आणि तीन वर्षे उलटतात.

भरपाई मागताना फक्त तोडलेल्या झाडांचा हिशेब देऊ नये. केरळ वीज मंडळ विरुद्ध लिविशा या २००७ च्या निकालात जमीन कुठे आहे, लाइन कडेने जाते की मधून, किती भाग वापरातून जातो, हे सर्व पाहायला सांगितले आहे. टॉवरच्या नव्या लाइनींसाठी केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाने जून २०२४ मध्ये मार्गदर्शक सूचना काढल्या : चार पायांमधली जागा आणि प्रत्येक बाजूला एक मीटर, एवढ्याला जमिनीच्या किमतीच्या २०० टक्के, तारांखालच्या पट्ट्याला ३० टक्के. मार्च २०२५ च्या पुरवणीत नगरपालिका क्षेत्रात पट्ट्याला ४५ आणि महानगरपालिका क्षेत्रात ६० टक्के केले. २०१५ च्या सूचनांत हेच ८५ आणि १५ टक्के होते. हिशेब असा : ११० केव्हीचा पट्टा २२ मीटर रुंद. शेतात लाइन १५० मीटर असेल तर पट्टा ३,३०० चौरस मीटर, म्हणजे ३२.६ गुंठे. टॉवरचे पाय ६ मीटरवर असतील तर ८ बाय ८, म्हणजे ६४ चौरस मीटर. लोक टॉवरच्या दराकडे पाहतात, पण रक्कम पट्ट्यात असते, आणि नेमका पट्टाच मोजला जात नाही. या सूचना ६६ केव्ही आणि त्यावरच्या टॉवर लाइनींना लागू आहेत, ११ केव्हीला नाहीत, आणि राज्याने स्वीकारण्यावर त्यांची अंमलबजावणी अवलंबून असते. कागल-चंदगडकडे जमीन असलेल्या पाहुण्याला मिळालेला दर इथे दाखवून उपयोग नाही. तिकडचा शासन आदेश वेगळा. इथे कोणता आदेश चालतो त्याची प्रत प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर लावली, तर निम्म्या अफवा थांबतील.

भाषेचा मुद्दा थोडक्यात. तार कायद्याच्या कलम १६ च्या (मालकाने लाइनीला विरोध केला तर होणाऱ्या) सुनावणीची नोटीस कन्नडमधून येते आणि ज्याच्या शेतातून लाइन जायची तो ती दुसऱ्याकडून वाचून घेतो, तेही तारीख टळून गेल्यावर. हजर न राहिलेल्यावर एकतर्फी आदेश होतो आणि लाइन पोलीस बंदोबस्तात ओढली जाते. जिथे भाषिक अल्पसंख्य १५ ते २० टक्के आहेत तिथे महत्त्वाच्या सूचना त्यांच्या भाषेतही द्याव्यात, असे केंद्राच्या १९५६ च्या निवेदनातच आहे. नोटिशीच्या पाठीवर मराठी मजकूर छापायला वेगळे बजेट लागत नाही.

आता मागणी. लाइन हलवण्याच्या अर्जांची स्वतंत्र नोंदवही आपल्या कार्यालयात आणि प्रांत कार्यालयांत ठेवावी. अर्ज आला की कंपनीला दोनच कागद मागावेत : लाइन कोणत्या अधिकाराने टाकली त्याचा आदेश किंवा संमतिपत्र, आणि भरपाई दिल्याची पावती. हे दोन कागद समोर येईपर्यंत एस्टिमेटचे पैसे मागण्यास मनाई असावी. कागद मिळत नसतील तर तसे लेखी द्यायला लावावे. तेही आदेशासाठी पुरेसे साहित्य आहे. त्यानंतर भूमापक, सेक्शन ऑफिसर आणि विद्युत निरीक्षकांचा प्रतिनिधी यांची एकत्र पाहणी, शेजाऱ्यांना नोटीस देऊन. आणि आदेश कारणांसह. बिनकारणाचा आदेश धारवाड खंडपीठात टिकत नाही आणि प्रकरण फिरून परत आपल्याकडेच येते.

वेळापत्रकही रानाप्रमाणे ठेवावे लागेल. तोडणी बहुतेक मार्चअखेर आटोपते, भाताचे रान जूनपर्यंत मोकळे असते. खड्डे, खांब, तार आणि लाइन क्लिअर (पुरवठा बंद ठेवण्याची परवानगी) घेऊन जोडणी, हे आठ-दहा खांबांचे काम आठवड्याभरात होते, पण पेरणी झाल्यावर कोणी रानात पाय ठेवू देत नाही, आणि ते बरोबरच आहे. प्रलंबित अर्जांच्या सुनावण्या फेब्रुवारीत लावल्या तर आदेश मार्चमध्ये निघतील आणि कामे त्याच उन्हाळ्यात होतील. तशा तारखा आपण जाहीर कराव्यात, अर्जदारांचे नकाशे आणि मोजमापे तयार ठेवण्याचे काम आम्ही करू.

आपले,
वीजवाहिन्यांचे दावे आणि एस्टिमेट तपासणारे काही वकील, निवृत्त वीज कर्मचारी व शेतकरी
बेळगाव, खानापूर, निपाणी, चिक्कोडी